पऱ्हाटी : समुद्रकाठचे झुडूप, वऱ्हाडचे पीक

अकोला वा अमरावती जिल्ह्यातील एखाद्या जुन्या घराच्या परसात, विहिरीच्या काठाशी किंवा देवळाच्या आवारात देवकापसाचे एखादे झाड अजूनही दृष्टीस पडते. ते माणसाच्या उंचीचे असते, कधी त्याहूनही वाढते. त्याची कोणी पेरणी करीत नाही, त्याला खत घालीत नाही. वर्षानुवर्षे ते त्याच जागी उभे असते, फुलते, फळते आणि घरातील वडीलधाऱ्या स्त्रिया त्याची बोंडे वेचून, सरकी काढून देवापुढील निरांजनासाठी वाती वळतात. त्याच घरच्या शेतात मात्र कपाशी मृगाच्या पावसावर पेरली जाते, दसरा-दिवाळीच्या सुमारास फुटू लागते आणि नवे वर्ष उजाडण्याच्या सुमारास तिचा कारभार आटोपावा अशी अपेक्षा असते. एक झाड बारमाही आणि दुसरे हंगामी, परंतु दोन्ही कापूसच. असे का व्हावे, हा प्रश्न वरवर पाहता शाळेतील वनस्पतिशास्त्राच्या तासाला विचारण्याजोगा आहे. तथापि गेल्या काही वर्षांत वऱ्हाडातील कापूस उत्पादकाच्या वाट्याला जे नुकसान आले, त्याचे एक मोठे कारण याच प्रश्नाच्या उत्तरात दडलेले आहे.

कपाशी ही मुळात हंगामी वनस्पती नाही. ते एक बहुवर्षायू, फुलणारे झुडूप आहे. आपण त्याला हंगामात बसविले एवढेच.

खाऱ्या वाऱ्यातील मूळ घर

कापसाच्या कुळात सुमारे पन्नास जाती आहेत. जास्वंद, भेंडी आणि अंबाडी ही तिची जवळची भावंडे. भेंडीचे पिवळे फूल आणि कपाशीचे फूल शेजारी ठेवून पाहिले तर हे नाते विद्यार्थ्यांना निराळे समजावून सांगावे लागत नाही. या पन्नास जातींपैकी माणसाने लागवडीखाली आणल्या त्या अवघ्या चार. दोन जुन्या जगातील आणि दोन अमेरिका खंडातील. जुन्या जगातील जातींच्या पेशीत २६ गुणसूत्रे असतात, तर अमेरिकन जातींत ५२.

आपल्या जुन्या गावरान कापसाचे घराणे पहिल्या प्रकारातील. त्याचा इतिहास सिंधूच्या खोऱ्याकडे जातो. बलुचिस्तानातील मेहरगढ येथील उत्खननात तांब्याच्या मण्यात अडकून टिकून राहिलेले कापसाचे तंतू सापडले असून ते सुमारे सात हजार वर्षांपूर्वीचे आहेत. परंतु आज वऱ्हाडच्या शिवारात जी कपाशी डोलताना दिसते ती बहुतांशी या घराण्यातील नव्हे. ती अमेरिकन जातीची आहे आणि या जातीची रानटी झुडपे आजही मेक्सिकोच्या युकातान द्वीपकल्पाचा किनारा, कॅरिबियन समुद्रातील बेटे आणि फ्लोरिडाचे दक्षिण टोक येथे समुद्रकाठच्या झाडोऱ्यात आपोआप वाढतात. पायाखाली वाळू आणि चुनखडी, अंगावर खारा वारा, वर्षातील बराच काळ कोरडा, असे तिचे मूळ घर आहे. तेथील झुडपाला धागा येतो तो आखूड आणि तपकिरी, कोणत्याही सूतगिरणीच्या कामाचा नसलेला. पांढरा, लांब धागा ही माणसाने हजारो वर्षे निवड करून मिळविलेली वस्तू आहे.

या झुडपाच्या सरकीचे कवच कठीण असते. ती पाण्यावर तरंगते आणि खाऱ्या पाण्यात दीर्घकाळ राहूनही तिची रुजण्याची शक्ती शाबूत राहते. त्यामुळेच कापसाने माणसाच्या मदतीवाचून समुद्र ओलांडले. प्रशांत महासागराच्या मध्यभागी, सर्वांत जवळच्या खंडापासून हजारो किलोमीटर दूर असलेल्या हवाई बेटांवर कापसाची एक स्वतंत्र रानटी जात आहे. तिचे पूर्वज अमेरिकेच्या किनाऱ्यावरून वाहत गेलेल्या बियांतून तेथे पोहोचले असे शास्त्रज्ञ मानतात. मुंबईच्या गोदीतून वऱ्हाडचा कापूस जहाजात चढू लागला त्यापूर्वी लाखो वर्षे सरकीने असा जलप्रवास केलेला होता, ही गोष्ट आमच्यासारख्या कलाशाखेच्या माणसालाही चकित करते.

या किनारी झुडपाचे दोन स्वभाव येथे ध्यानात ठेवावयाचे आहेत. पहिला असा की ते एकदा फळून मरत नाही. हरभऱ्याचे झाड दाणा भरला की आपले आयुष्य संपविते. पऱ्हाटीचे तसे नाही. बोंडे फुटून गेली आणि मुळाशी थोडी ओल मिळाली की ती पुन्हा पालवते, पुन्हा पाते धरते. दुसरा असा की ते मीठ सोसते. शेतीतील पिकांत क्षार सहन करण्याच्या बाबतीत कपाशीचा क्रम बराच वरचा आहे.

या दोन्ही स्वभावांचा वऱ्हाडशी फार जवळचा संबंध येतो.

‘ऊमरा’ ते संकरित वाण

एकोणिसाव्या शतकात लिव्हरपूलच्या बाजारात वऱ्हाडच्या कापसाला ‘ऊमरा’ म्हणत. हे नाव उमरावती, म्हणजे अमरावती, यावरून पडले. १८५३ मध्ये निजामाकडून वऱ्हाडचा कारभार इंग्रजांकडे गेला. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तेथील कापूस इंग्लंडला मिळेनासा झाला आणि वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. कापसासाठी रेल्वे आली. खामगावची शाखा १८७० मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड मेयो यांच्या हस्ते सुरू झाली. पुढे विसाव्या शतकाच्या आरंभी मूर्तिजापूरहून यवतमाळ आणि अचलपूरकडे अरुंद रूळ टाकले गेले ते मुख्यत्वे याच मालासाठी. या गाडीला लोक प्रेमाने ‘शकुंतला’ म्हणत.

हा सारा कापूस गावरान होता. त्याचा धागा आखूड, परंतु झाड काटक होते. मुळे काळ्या मातीत खोल जात, पाऊस ताणला तरी झाड तग धरी, आणि पानातील रस शोषणाऱ्या किडींना ते फारशी दाद देत नसे. इंग्रज सरकारने अमेरिकन कापूस हिंदुस्थानात रुजविण्याचे प्रयत्न १८४० पासून केले. त्यासाठी अमेरिकेतील जाणकार लागवडदारसुद्धा आणविले. धारवाडकडे त्यांना काहीसे यश आले. वऱ्हाडात मात्र गावरान कापूसच दीर्घकाळ टिकला. पुढे अकोल्याच्या नावाची आद्याक्षरे मिरविणारे ‘एके-२३५’ व ‘एके-२७७’ यांसारखे निवड केलेले देशी वाण शेतकऱ्यांच्या परिचयाचे झाले.

परिस्थिती पालटली ती १९७० नंतर. त्या वर्षी गुजरातमध्ये सुरत येथे डॉ. सी. टी. पटेल यांनी ‘एच-४’ हा संकरित वाण दिला. जगातील व्यापारी लागवडीखाली आलेला कापसाचा हा पहिला संकरित वाण होय. अकोल्यात १९६९ मध्ये स्थापन झालेल्या कृषी विद्यापीठाने, म्हणजे आजच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाने, या दिशेने पुष्कळ काम केले. त्याचा ‘पीकेव्ही हायब्रिड-२’ हा वाण विदर्भात घरोघर पोहोचला. लांब धागा, मोठे बोंड, वेचावयास सोपे आणि बाजारात भाव अधिक, असे सारे गुण नव्या वाणांत होते. मार्च २००२ मध्ये केंद्र शासनाने बीटी कपाशीला मान्यता दिली आणि त्यानंतर दहा-बारा वर्षांत देशातील कापसाखालील नव्वद टक्क्यांहून अधिक क्षेत्र या वाणांनी व्यापले. समुद्रकाठचे झुडूप अशा रीतीने सातपुड्याच्या पायथ्याशी मुख्य पीक झाले.

खारपाणपट्टा

पूर्णा नदीच्या दोन्ही तीरांवर अमरावती, अकोला व बुलढाणा या तिन्ही जिल्ह्यांतून पसरलेला प्रदेश खारपाणपट्टा म्हणून सर्वश्रुत आहे. दर्यापूर, अकोट, तेल्हारा, बाळापूर, मूर्तिजापूर या तालुक्यांतील कित्येक गावांत विहीर खणली तर पाणी लागते, परंतु ते तोंडात धरवत नाही आणि पिकालाही चालत नाही. जमीन काळीभोर, खोल आणि चिकण. पावसाळ्यात पाणी मुरत नाही, उन्हाळ्यात भेगा हातभर रुंदावतात.

या पट्ट्यात कपाशी का टिकली, याचे एक उत्तर वर सांगितलेल्या दुसऱ्या स्वभावात आहे. क्षारांना ती इतर पिकांहून कमी घाबरते. मात्र यावरून खारपाणपट्टा म्हणजे तिचे माहेरच, अशी समजूत करून घेणे चूक ठरेल. किनाऱ्यावरील वाळूतून पाणी झरझर निघून जाते, पूर्णाकाठच्या मातीत ते साचते. साचलेले पाणी कपाशीला मुळीच खपत नाही. तसेच उगवणीच्या व रोपावस्थेतील तिची सहनशक्ती मोठ्या झाडापेक्षा पुष्कळ कमी असते. उताराला आडव्या सऱ्या-वरंबे काढणे, जास्तीच्या पाण्याला वाट देणे आणि शेततळ्यात पावसाचे गोडे पाणी साठविणे हे उपाय येथे पुन्हा पुन्हा सुचविले जातात त्याचे कारण हेच.

खारपाणपट्ट्यात विहिरीचे पाणी देता येत नाही, म्हणून रब्बीचे पीक भिजवून घेण्याची सोय बहुतेकांना नाही. जे काही येईल ते जमिनीतील ओलीवर. मग दिवाळीनंतर पऱ्हाटी उपटून रान मोकळे केले तरी त्यात पेरावे काय आणि ते उगवणार कशावर, असा रोकडा प्रश्न शेतकरी विचारतो. या प्रश्नाचा विचार न करता त्याला उपदेश करणाऱ्या अधिकाऱ्याचे म्हणणे गावात कोणी मनावर घेत नाही, आणि ते योग्यच आहे.

फरदड

मुख्य वेचे झाल्यानंतर पऱ्हाटी तशीच उभी ठेवून, शक्य असल्यास एखादे पाणी व थोडे खत देऊन पुन्हा जो कापूस घेतला जातो त्याला फरदड म्हणतात. डिसेंबर सरला, जानेवारी-फेब्रुवारी उजाडला, तरी अकोल्याहून दर्यापूरकडे किंवा परतवाड्याहून अंजनगावकडे जाताना रस्त्याच्या दुतर्फा हिरवी पालवलेली पऱ्हाटी उभी दिसते ती बहुधा फरदडीचीच असते. ती ठेवण्यामागचा हिशेब साधा आहे. बियाणे, पेरणी, निंदणी यांचा खर्च होऊन गेलेला असतो. त्यानंतर मिळणारा एक-दोन क्विंटल कापूस हा शेतकऱ्याच्या लेखी जवळजवळ बिनखर्चाचा असतो. शिवाय भाव पुढे चढेल ही आशा असते. गव्हा-हरभऱ्याला नवे बियाणे, नवी मशागत लागते, तर पऱ्हाटी आधीच उभी असते. झुडपाचा मूळ स्वभावही या हिशेबाला साथ देतो, कारण त्याला मरावयाचे नसतेच.

झाड हंगामाबाहेर जगले म्हणजे त्याच्या जिवावर जगणारी कीडही हंगामाबाहेर जगते. गुलाबी बोंडअळी, जुन्या लोकांच्या तोंडी शेंदरी बोंडअळी, ही आपल्याकडे आजकाल आलेली नाही. १८४३ मध्ये तिचे शास्त्रीय वर्णन प्रथम प्रसिद्ध झाले तेच गुजरातेतील भडोच येथून पाठविलेल्या नमुन्यांवरून. ती भेंडी-अंबाडीसारख्या कपाशीच्या आप्तांवर कधीमधी सापडते, परंतु तिचा खरा आश्रय कपाशी हाच आहे. तिचा पतंग लहान, करड्या रंगाचा, रात्री हिंडणारा. मादी पाते, फुले व कोवळ्या बोंडांजवळ अंडी घालते. अंड्यातून निघालेली अळी फुलात शिरली तर पाकळ्या एकमेकींत गुंतून फूल उमलत नाही, गुलाबाच्या कळीसारखे मिटून राहते. शेतकरी तिला डोमकळी म्हणतात. बोंडात शिरली तर आत गेल्यावर बारीक छिद्र बुजून जाते. मग बाहेरून बोंड निरोगी दिसते आणि आत अळी सरकी खात असते. फवारणीचे औषध तेथे पोहोचत नाही. बोंड फुटते तेव्हा कापूस नीट सुटत नाही, पिवळट डागाळलेला आणि कवडी झालेला हाती येतो. अंड्यापासून पतंगापर्यंतचा फेरा सुमारे महिनाभरात पुरा होतो आणि एका हंगामात चार ते सहा पिढ्या निपजतात.

हंगामाच्या अखेरीस या अळीचे आणखी एक रूप दिसते. थंडीच्या दिवसांत ती कोष न करता सरकीतच, कधी दोन सरक्या एकत्र गुंफून, सुप्तावस्थेत पडून राहते. महिनोन्महिने ती अशी राहू शकते. उभ्या फरदडीतील किडक्या बोंडांत, बांधावर वा गोठ्याशेजारी रचलेल्या पऱ्हाट्यांच्या गंजीत, घरात भाव वाढण्याची वाट पाहत ठेवलेल्या कापसात आणि जिनिंगच्या आवारातील सरकीच्या ढिगात अशा अळ्या उन्हाळा काढतात. उन्हाळ्याच्या अखेरीपासून आणि पहिल्या पावसानंतर त्यातून पतंग बाहेर पडतात. पतंगाचे आयुष्य फार तर दोन-तीन आठवड्यांचे असते. त्या काळात शिवारात कपाशीला पाते नसेल तर मादी अंडी घालणार कोठे? ती पिढी तशीच वाया जाते.

कृषी विभाग १ जूनपूर्वी कपाशीची लागवड करू नका असे आवाहन करीत आला आहे, त्याचे मर्म येथे आहे. पेरणीनंतर साधारण चाळीस-पंचेचाळीस दिवसांनी पाते लागते. मे महिन्यात ठिबकावर केलेली लागवड जूनअखेरीस वा जुलैच्या आरंभीच पात्यावर येते आणि भुकेल्या पतंगांना नेमक्या वेळी अन्न मिळते. एका बाजूने फरदड आणि दुसऱ्या बाजूने मान्सूनपूर्व लागवड अशी दोन्हीकडून खेच बसली की मधला मोकळा काळ उरत नाही. बोंडअळीचे वर्ष बारा महिन्यांचे होते.

बीटीचे काय झाले?

बीटी कपाशी बोंडअळीसाठीच आणली होती ना, मग ती निष्प्रभ का झाली, असा प्रश्न ग्रामसभांतून विचारला जातो. बीटी वाणांत एका जिवाणूतील जनुक घातलेले असते व त्यामुळे झाडात अळीला मारक असे प्रथिन तयार होते. प्रारंभीच्या वर्षांत हिरव्या बोंडअळीवर त्याचा चांगला परिणाम दिसला आणि फवारण्याही घटल्या. २००६ मध्ये दोन प्रथिने असलेले वाण आले. परंतु गुलाबी बोंडअळीने पहिल्या प्रथिनाला दाद देणे सोडल्याचे २०१० च्या सुमारास गुजरातमधून आढळून आले आणि पुढील पाच-सात वर्षांत दुसऱ्याचाही वचक राहिला नाही.

यास अनेक कारणे आहेत, परंतु पैकी दोन आपल्या विषयाशी जोडलेली आहेत. झाड जसजसे जुने होते तसतसे त्यातील मारक प्रथिनाचे प्रमाण घटते. फरदडीच्या जून झाडावर अळीला मारण्यास अपुरी मात्रा मिळते. दुर्बळ अळ्या मरतात, ज्यांच्यात सहनशक्ती आहे त्या जगतात आणि त्यांचीच संतती पुढे वाढते. दुसरे कारण संकरित बियाण्याचे. आपल्याकडे बीटी आले ते मुख्यतः संकरित वाणांतून. संकरित झाडाच्या एकाच बोंडातील सर्व सरक्यांचे गुण सारखे नसतात. काहींत मारक प्रथिन असते, काहींत नसते. सरकी खाणाऱ्या अळीला त्यामुळे थोडे थोडे विष पचविण्याची जणू तालीमच मिळाली. शिवाय बीटीच्या कडेने साध्या कपाशीच्या ओळी लावाव्यात हा नियम पुष्कळ ठिकाणी कागदावरच राहिला. साध्या कपाशीचे पुडके बांधावर फेकून दिलेले आढळावे, हे नित्याचेच होते.

२०१७ च्या हंगामात विदर्भ-मराठवाड्यात व्हावयाचे ते झाले. दुसऱ्या-तिसऱ्या वेच्याची बोंडे फोडून पाहावी तो आत अळी. कित्येकांनी उभ्या पिकात नांगर घातला, जनावरे सोडली. त्याच वर्षी शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यात कीटकनाशक फवारताना विषबाधा होऊन शेतकरी व शेतमजूर दगावले. कपाशीच्या प्रश्नाकडे केवळ क्विंटल आणि भावाच्या भाषेत पाहता येत नाही, याची जाणीव त्या हंगामाने सर्वांनाच करून दिली.

तारीख पाळणारे देश

हंगाम ठरावीक दिवशी संपविण्याची कल्पना नवी नाही. मद्रास प्रांतात १९१९ मध्ये पिकांवरील कीड व रोग यांसंबंधी कायदा झाला आणि कोइमतूर भागात कंबोडिया कापूस, जो अमेरिकन जातीचाच, ठरलेल्या तारखेच्या आत उपटणे त्याखाली बंधनकारक करण्यात आले. तेथेही शेतकरी तो पुढे फरदडीसारखा राखीत असत. अमेरिकेत गुलाबी बोंडअळी १९१७ मध्ये टेक्सासमध्ये पोहोचली. १९३० नंतरच्या दशकात तर तेथील सरकारने दक्षिण फ्लोरिडाच्या किनाऱ्यावरील रानटी कपाशीची झुडपे माणसे लावून उपटविली, कारण ती बारमाही असल्याने अळीला तेथे कायमचा आसरा मिळत होता. मूळ घरातूनच झुडपाला असे हुसकावले गेले! पुढे पिकाचे अवशेष ठरावीक मुदतीत नष्ट करणे, कामगंध, बीटी वाण आणि वंध्य केलेले पतंग सोडणे या सर्वांचा एकत्रित उपयोग करून २०१८ मध्ये त्या देशाने आपल्या कापूसक्षेत्रातून या किडीचे उच्चाटन झाल्याचे जाहीर केले.

आपल्याकडील शेते लहान, मालक अनेक, आणि प्रत्येकाची अडचण वेगळी. कायद्याच्या बडग्याने पऱ्हाटी उपटविणे येथे कितपत साधेल याविषयी लेखकाला शंका आहे. परंतु पतंग बांध ओळखत नाही, हेही तितकेच खरे. दहा जणांनी डिसेंबरात रान मोकळे केले आणि अकराव्याने मार्चपर्यंत फरदड ठेवली, तर पुढच्या जुलैत डोमकळ्या अकराही शेतांत दिसतील. म्हणून हा विषय एकट्या शेतकऱ्याचा न राहता शिवाराचा होतो आणि तेथे ग्रामपंचायतीचे काम सुरू होते.

पहिली गोष्ट पऱ्हाट्यांची. एका हेक्टरमागे साधारण दोन ते तीन टन पऱ्हाटी निघते. तिचा सर्वांत जुना उपयोग चुलीसाठी, आणि तो अद्याप संपलेला नाही. भूमिहीन कुटुंबांची वर्षाची जळणाची बेगमी त्यातूनच होते, त्यामुळे ‘गंजी जाळून टाका’ असे सरसकट सांगणे अन्यायाचे होईल. उपटलेल्या पऱ्हाटीवरील उरलीसुरली किडकी बोंडे झोडून वेगळी करावीत व ती नष्ट करावीत, मग उरलेले काटूक जळणासाठी न्यावे, असा मध्यम मार्ग काढता येतो. जेथे यंत्राची सोय आहे तेथे बारीक तुकडे करून जमिनीत गाडणे किंवा कंपोस्ट करणे अधिक चांगले. पऱ्हाटीपासून दाबलेले फळे आणि जळणाच्या कांड्या करण्याचे तंत्र मुंबईच्या केंद्रीय कापूस तंत्रज्ञान संशोधन संस्थेने विकसित केले आहे. एखाद्या गटाने वा बचत गटाने ते हाती घेतल्यास पऱ्हाटी वेळेवर उपटण्यात शेतकऱ्याला रोख लाभ दिसू लागेल.

दुसरी गोष्ट पाहणीची. कामगंध सापळा ही वस्तू महाग नाही. हेक्टरी पाच सापळे लावून त्यात रोज किती नर पतंग अडकतात ते मोजावे. सलग तीन रात्री एका सापळ्यात आठ किंवा अधिक पतंग आले तर उपाय करण्याची वेळ आली असे समजतात. तसेच शेतात फिरून शंभर फुले वा हिरवी बोंडे तपासावीत. दहा किडकी निघाली तरी तोच इशारा. बोंड मात्र फोडूनच पाहावे लागते, बाहेरून कळत नाही. हे मोजणीचे काम माध्यमिक शाळेतील मुले सहज करू शकतात. शाळेच्या फळ्यावर रोजचा आकडा लिहिला तर सारे गाव तो वाचते. जिनिंग कारखान्याच्या आवारातही सापळे हवेत. गावाची कपाशी उपटून झाली तरी कारखान्यातील सरकीतून पतंग निघतच राहतात.

तिसरी गोष्ट वाणाची, आणि तेथे खारपाणपट्ट्यातील शेतकऱ्याच्या रोकड्या प्रश्नाकडे परत यावे लागते. पाच-साडेपाच महिन्यांत उरकणारा वाण निवडला तर दिवाळीनंतर लवकरच बहुतेक कापूस घरात येतो, आणि मग फरदडीसाठी झाडावर राहण्याजोगे फारसे काही उरत नाही. अकोल्याच्या विद्यापीठाने दिलेले ‘एकेए-७’, ‘एकेए-८४०१’ यांसारखे देशी वाण या दृष्टीने पुन्हा विचारात घेण्यासारखे आहेत. त्यांच्यावर रसशोषक किडींचा उपद्रव कमी, पाण्याची मागणी कमी, बियाणे घरचे वापरता येते. त्यांचे बोंड लहान असल्याने वेचणीची मजुरी वाढते आणि धाग्याची लांबी कमी असल्याने भावाचा प्रश्न येतो, हे मात्र लपवून ठेवू नये. रब्बीस पाणी नसलेल्या शेतकऱ्याने कपाशीत तुरीचे तास घालण्याची वऱ्हाडातील जुनी रीत सोडू नये, कारण तूर जानेवारीपर्यंत उभी राहते आणि पऱ्हाटी निघाल्यानंतरही रान अगदी रिकामे राहत नाही.

राहिला देवकापूस. फरदड बंद करावयाची तर परसातील बारमाही झाडाचे काय, असे कोणी विचारील, आणि प्रश्न गैर नाही. ते झाड तोडण्याचे कारण नाही. गावात अशी झाडे मोजकी असतात. मात्र त्याची बोंडे उकलताच वेचावीत, न उमललेली व किडकी बोंडे झाडावर वा बुडाशी पडू देऊ नयेत, आणि उन्हाळ्यात त्यावर फुले-पाते दिसल्यास खुडून टाकावीत. वातींपुरता कापूस त्याने थंडीतच दिलेला असतो.